प्रश्न मांडणारा माणूस

भारतीय संविधानाने संसदेच्या कामकाजात भाग घेण्याचा अधिकार पुढीलपैकी कोणाला दिला आहे? सॉलिसिटर जनरल, ॲटर्नी जनरल, कॅबिनेट सचिव आणि सरन्यायाधीश असे चार पर्याय होते. सन २००० च्या ऑक्टोबर महिन्यात हा प्रश्न दूरचित्रवाणीच्या पडद्यावर उमटला तेव्हा समोरच्या उंच खुर्चीवर हर्षवर्धन नवाथे हा मुंबईचा मराठी तरुण बसलेला होता आणि त्या एका उत्तरावर एक कोटी रुपये अवलंबून होते. स्पर्धा परीक्षांची तयारी करणारा हा विद्यार्थी. त्याने ॲटर्नी जनरल हा पर्याय निवडला. उत्तर बरोबर होते. संविधानाच्या ८८ व्या अनुच्छेदाप्रमाणे भारताच्या महान्यायवाद्याला संसदेच्या दोन्ही सभागृहांत बोलण्याचा आणि कामकाजात भाग घेण्याचा हक्क आहे. मत देण्याचा मात्र नाही.

बाबासाहेबांच्या अध्यक्षतेखालील मसुदा समितीने ज्या संविधानाला आकार दिला, त्यातील एका अनुच्छेदाने या देशातील पहिला ‘करोडपती’ ठरवला, ही गोष्ट आपल्यासारख्यांच्या मनात घर करून राहावी यात नवल नाही. प्रश्न विचारणारे अमिताभ बच्चन सर्वांना आठवतात, जिंकणारा नवाथेही आठवतो. परंतु तो प्रश्न, ती खुर्ची, तो प्रकाश आणि उत्तरापूर्वीची ती जीवघेणी शांतता या सर्वांची योजना करणारा एक तिसरा माणूस पडद्यामागे होता. त्याचे नाव सिद्धार्थ बसू. नाव ऐकून आपले कान टवकारतात हे खरे; पण हे गृहस्थ बंगाली, त्यांचे तारुण्य दिल्लीत गेले, आणि नावापलीकडे धम्माशी त्यांचा संबंध जोडण्याचे कारण नाही. त्यांची कारकीर्द आपल्या विद्यार्थ्यांनी आणि पालकांनी समजून घ्यावी असे वाटते, याचे कारण वेगळे आहे. या देशात जाहीरपणे प्रश्न कोणाला विचारला जातो, कोणत्या भाषेत विचारला जातो आणि बरोबर उत्तर देण्याची अपेक्षा कोणाकडून केली जाते, याचा पंचवीस-तीस वर्षांचा इतिहास त्या कारकिर्दीत दडलेला आहे.

प्रश्नमंजूषा हा खेळ आपल्याकडे रुजला तो इंग्रजीतून. १९६७ साली कोलकात्यात नील ओब्रायन यांनी एका चर्चच्या सभागृहात प्रश्नमंजूषेची पहिली रीतसर स्पर्धा घेतली असे मानले जाते. पुढे क्लब, मिशनच्या शाळा आणि मोठ्या शहरांतील नामांकित महाविद्यालये यांच्या वर्तुळात तो फिरत राहिला. रेडिओवरील बॉर्नव्हिटाच्या स्पर्धेने त्याला घराघरांत नेले खरे, पण भाग घेणारी मुले बहुतेक इंग्रजी शाळांचीच. ज्यांच्या घरी विश्वकोशाचे खंड होते, वडील इंग्रजी वर्तमानपत्र वाचत होते, त्यांना या खेळात जन्मतःच चार पावलांची आघाडी मिळालेली असे. आपल्या वसतिगृहांत १४ एप्रिलच्या निमित्ताने सामान्यज्ञानाच्या स्पर्धा होत आल्या आहेत. पण त्या स्पर्धा आणि तो खेळ यांची एकमेकांना ओळखही नव्हती.

सिद्धार्थ बसू याच इंग्रजी वर्तुळातून आले. दिल्लीत बॅरी जॉन यांच्यासमवेत काम करणाऱ्या ‘थिएटर ॲक्शन ग्रुप’ या नाट्यसंस्थेत ते अभिनय करीत. नाटकाचा हा संस्कार पुढे फार उपयोगी पडला, असे मला त्यांचे काम पाहताना नेहमी वाटत आले आहे. प्रश्नोत्तरांचा कार्यक्रम हा वस्तुतः दोन पात्रांचा प्रवेश आहे, हे त्यांनी ओळखले होते. १९८५ साली दूरदर्शनवर ‘क्विझ टाइम’ हा आंतरमहाविद्यालयीन स्पर्धेचा कार्यक्रम सुरू झाला आणि बसू देशाच्या ओळखीचे झाले. तेव्हा वाहिनी एकच होती. चाळीतला किंवा गावातला जो एकुलता एक संच असेल त्याच्यासमोर सगळे बसत, आणि ‘क्विझ टाइम’ही पाहत. इंग्रजीतला प्रश्न समजला नाही तरी ती तडफदार मुले घंटा दाबून कशी उत्तरे देतात हे पाहण्यात मजा होती. मजा होती, पण दुरूनच. जत्रेतल्या मोठ्या दुकानाची काच बाहेरून पाहावी तशी. आपणही त्या टेबलामागे बसू शकतो, हा विचार फार थोड्यांच्या मनात आला असेल.

१९८८ च्या सुमारास बसू यांनी ‘सिनर्जी’ ही निर्मितीसंस्था उभी केली. १९९८ पासून बीबीसीच्या जागतिक वाहिनीवर त्यांनी ‘मास्टरमाइंड इंडिया’ चालवले. या कार्यक्रमाच्या मूळ ब्रिटिश अवताराची जन्मकथा लक्षात ठेवण्याजोगी आहे. तो कल्पिणारे बिल राइट दुसऱ्या महायुद्धात शत्रूच्या कैदेत होते. तेथील चौकशीचा अनुभव त्यांच्या मनातून गेला नाही, आणि त्यातूनच अंधारातली एकटी काळी खुर्ची, वरून पडणारा एकच प्रकाशझोत आणि समोरून येणारा प्रश्नांचा भडिमार ही मांडणी सुचली. म्हणजे आज आपण करमणूक म्हणून पाहतो त्या खुर्चीचे मूळ कैद्याच्या चौकशीत आहे. प्रश्न विचारणे ही सत्ता आहे, याचे इतके उघड उदाहरण दुसरे नसेल.

येथे दिग्दर्शकाचे काम म्हणजे नेमके काय, हे सांगायला हवे. चित्रपटाचा दिग्दर्शक दृश्य पुन्हा पुन्हा घेऊ शकतो. प्रश्नखेळाच्या दिग्दर्शकाला ती मुभा नाही, कारण स्पर्धकाने उत्तर एकदाच द्यायचे असते. तो मंचावर दिसत नाही. नियंत्रण कक्षात पडद्यांच्या भिंतीसमोर बसलेला असतो. प्रत्येक कॅमेऱ्याचे चित्र वेगळ्या पडद्यावर येत असते. एक कॅमेरा स्पर्धकाच्या चेहऱ्यावर, एक सूत्रसंचालकावर, एक प्रेक्षकांतल्या आईवर किंवा पतीवर, तर एक लांब दांड्यावर अधांतरी फिरणारा. कोणत्या क्षणी कोणते चित्र घ्यायचे हे तो कॅमेरामनना आणि चित्रे बदलणाऱ्या तंत्रज्ञाला सांगत राहतो. मंचावरच्या व्यवस्थापकाच्या कानात त्याचाच आवाज असतो. प्रकाश केव्हा मंद व्हावा, संगीत केव्हा थांबावे, आईचे जोडलेले हात केव्हा दिसावेत हे सारे त्याच्याकडे. आणि या सर्वांच्या आधी, महिनोन्महिने, प्रश्न तयार करणाऱ्यांची एक तुकडी त्याच्या देखरेखीखाली बसलेली असते. प्रत्येक प्रश्नाची सत्यता पडताळायची, चार पर्यायांपैकी तीन निःसंशय चूक आहेत याची खात्री करायची, आणि सोप्यापासून कठीणापर्यंत त्यांची उतरंड लावायची. एक संदिग्ध प्रश्न सुटला तर सारी विश्वासार्हता जाते. प्रकाश आणि संगीत दिसते, हे काम दिसत नाही. पण खेळाचे शील याच कामावर अवलंबून असते.

शील हा शब्द मी सहज वापरलेला नाही. अमेरिकेत ते सुटले तेव्हा काय घडले हे जाणून घेण्यासारखे आहे. १९५६ साली तेथे ‘ट्वेंटी-वन’ नावाचा खेळ अफाट लोकप्रिय झाला. हर्बर्ट स्टेम्पेल हा साध्या घरातला, विलक्षण स्मरणशक्तीचा माणूस जिंकत होता. निर्मात्यांनी त्याला आधीच उत्तरे दिली, आणि शिवाय तो गरीब दिसावा म्हणून अंगावर न बसणारा सूट घालायला लावला, केसही तसेच कापवले. पुढे प्रेक्षकांना नवा चेहरा हवा म्हणून त्याला ठरवून हरवण्यात आले, तेही उत्तर ठाऊक असलेल्या प्रश्नावर. त्याच्या जागी आला चार्ल्स व्हॅन डोरेन : नामवंत साहित्यिक घराण्यातला, कोलंबिया विद्यापीठात शिकवणारा, देखणा. स्पर्धकांना घाम फुटावा म्हणून त्यांच्या काचेच्या कोठडीतली थंड हवा बंद केली जात असे. १९५९ साली व्हॅन डोरेन यांनी अमेरिकी काँग्रेसच्या समितीपुढे सर्व कबूल केले आणि १९६० मध्ये असे खेळ ठरवून खेळवणे कायद्याने गुन्हा ठरले. लोकांची फसवणूक झाली, हे तर झालेच. मला त्यात अधिक बोचते ते त्या सुटाचे. ज्ञानी माणूस कसा दिसतो आणि अज्ञानी माणूस कसा दिसतो, हे कुणीतरी खोलीत बसून ठरवले होते. आपल्या समाजाला हा अनुभव अमेरिकेतून आयात करण्याची गरज नाही.

‘हू वॉन्ट्स टू बी अ मिलियनेअर?’ हा ब्रिटिश खेळ सप्टेंबर १९९८ मध्ये सुरू झाला आणि जगभर पसरला. त्याचा मंच, प्रकाश, संगीत, मदतीच्या ‘लाइफलाइन’ हे सर्व ठरीव साच्याचे. कोणत्याही देशाने घ्यायचे तर त्या साच्यासह. ३ जुलै २००० रोजी ‘कौन बनेगा करोडपती’ स्टार प्लसवर आला तेव्हा बसू यांच्यापुढचे खरे आव्हान साच्याचे नव्हते, भाषेचे होते. आयुष्यभर इंग्रजीत प्रश्न विचारलेल्या माणसाला आता हिंदीत बोलणाऱ्या देशासमोर जायचे होते. लेखक आर. डी. तैलंग यांनी घडवलेली अदबशीर, मिश्किल हिंदी आणि बच्चन यांचा आवाज यांमुळे तो विदेशी साचा येथला वाटू लागला. समोर बसणाऱ्या प्रत्येकाला ‘आप’ म्हटले गेले. साहेबालाही आणि शिपायालाही. ज्यांना कचेरीच्या खिडकीपाशी कधी कुणी ‘आपण’ म्हटले नव्हते, अशा प्रेक्षकांना याचे मोल वेगळे सांगावे लागले नसेल. हे सर्व घडत होते गोरेगावच्या चित्रनगरीत, जी आज त्र्यंबकेश्वरी जन्मलेल्या दादासाहेब फाळके यांचे नाव धारण करते.

तरीही दार पूर्ण उघडले होते असे नाही. सुरुवातीला प्रवेशासाठी दूरध्वनी करावा लागे, आणि २००० साली दूरध्वनी किती वस्त्यांत होता? गावात एखादे एस.टी.डी. बूथ. पुढे मोबाइल आला, लघुसंदेशाने उत्तर पाठवता येऊ लागले, आणि २०१० मध्ये कार्यक्रम सोनी वाहिनीवर गेल्यानंतर खुर्चीवरचे चेहरे स्पष्टपणे बदलले. लहान गावे, सरकारी शाळांत शिकलेली माणसे, गृहिणी, शिक्षक दिसू लागले. २०११ साली बिहारमधील मोतिहारीचे सुशील कुमार यांनी पाच कोटी जिंकले. ते रोजगार हमीच्या कार्यालयात संगणकचालक होते. पैसा आला आणि त्यामागून फसवणारे लोक, व्यसन, घरातली भांडणेही आली. तो काळ आपल्या आयुष्यातला सर्वांत वाईट काळ होता, असे त्यांनी २०२० मध्ये स्वतःच जाहीरपणे लिहिले. खुर्चीवरून उतरल्यावर स्पर्धकाचे काय होते, याची जबाबदारी खेळाच्या साच्यात कुठेच लिहिलेली नसते.

या दरम्यान, २००८ साली, ‘स्लमडॉग मिलियनेअर’ हा चित्रपट आला. विकास स्वरूप यांच्या कादंबरीवर आधारलेला. झोपडपट्टीत वाढलेला, चहा देणारा पोरगा एकामागून एक उत्तरे देतो म्हणून पोलीस त्याला मारहाण करतात : याला हे ठाऊक कसे? जो माहीत नसायला हवा होता, त्याला माहीत आहे, हाच गुन्हा. चित्रपटाबद्दल मतभेद पुष्कळ झाले. दारिद्र्याचे प्रदर्शन मांडले म्हणून तो अनेकांना रुचला नाही, आणि ते आक्षेप मला काही अंशी पटतात. परंतु तो संशय मात्र खरा आहे. आपल्यापैकी किती जणांनी पहिला क्रमांक आल्यावर, गुणपत्रिका दाखवल्यावर किंवा मुलाखतीत नेमके उत्तर दिल्यावर समोरच्याच्या डोळ्यांत तो पाहिला असेल! त्यामुळेच पर्यायांवर संगणकाचा हिरवा प्रकाश पडतो त्या क्षणाला एक वेगळे मूल्य आहे. यंत्र आडनाव विचारत नाही. प्रश्न सर्वांना सारख्याच कसोटीचा ठेवणारी यंत्रणा उभी करणे हे दिग्दर्शकाचे काम, आणि बसू यांच्या कामाचे मोठेपण मी येथे मानतो.

त्यांच्याविषयी तक्रारच नाही असे मात्र नाही. २००९ साली त्यांच्याच संस्थेने ‘सच का सामना’ हा कार्यक्रम आणला. खोटे पकडणाऱ्या यंत्राचा आधार घेऊन माणसाच्या खासगी आयुष्याविषयी प्रश्न विचारायचे, तेही पत्नीसमोर, आईवडिलांसमोर. खरे बोलल्यास पैसे. संसदेत त्यावर गदारोळ झाला, दिल्ली उच्च न्यायालयात याचिका गेल्या. न्यायालयाने त्या फेटाळल्या. कायद्याच्या दृष्टीने प्रश्न मिटला. परंतु बिल राइट यांची चौकशीची खुर्ची येथे पुन्हा आपल्या मूळ रूपात आली होती, असे म्हणावे लागते. ज्ञान तपासणारा प्रश्न आणि माणूस उघडा पाडणारा प्रश्न यांत मोठे अंतर आहे, आणि पैसे दोन्हीकडे सारखेच मिळतात म्हणून ते अंतर मिटत नाही.

‘मिलिंदपञ्ह’ या ग्रंथातील एक प्रसंग येथे आठवतो. राजा मिलिंद भदंत नागसेनांना चर्चेचे निमंत्रण देतो. नागसेन आधी विचारतात की, महाराज, आपण पंडितांच्या रीतीने बोलणार असाल तर मी बोलेन, राजांच्या रीतीने बोलणार असाल तर नाही. पंडित हरला तरी रागावत नाही. राजाला मात्र विरोध झाला की तो दंड फर्मावतो. मिलिंद पंडितांची रीत मान्य करतो, आणि मगच संवाद सुरू होतो. प्रश्न विचारणाऱ्याने आधी आपली सत्ता खाली ठेवावी, ही अट दोन हजार वर्षांपूर्वीची आहे. ‘अंगुत्तरनिकाया’त प्रश्नांचे चार प्रकार सांगितले आहेत : ज्याचे थेट उत्तर द्यावे, ज्याचे विभाग पाडून उत्तर द्यावे, ज्याला प्रतिप्रश्न करावा, आणि जो बाजूला ठेवावा. दूरचित्रवाणीचा खेळ यांपैकी पहिलाच प्रकार जाणतो. त्याला चार पर्याय आणि एकच बरोबर उत्तर लागते. आमची मुले अशा स्पर्धांत चमकतात तेव्हा आनंद होतोच. पण वर्गात उरलेल्या तीन प्रकारांसाठी वेळ राखून ठेवणारे शिक्षक या मुलांना भेटत राहावेत, अशी इच्छाही होते.

मराठीत हा खेळ २०१३ साली ई टीव्ही मराठीवर ‘कोण होईल मराठी करोडपती’ या नावाने आला. सचिन खेडेकर सूत्रसंचालक होते. इंग्रजीतून हिंदीत आणि हिंदीतून मराठीत, असा प्रश्नाचा प्रवास अठ्ठावीस वर्षांत झाला. आणि २०१९ च्या उन्हाळ्यात सोनी मराठीवर ‘कोण होणार करोडपती’ सुरू झाले, तेव्हा विचारणाऱ्याच्या खुर्चीवर नागराज मंजुळे बसले. करमाळा तालुक्यातील जेऊरचा, वडार समाजातला हा दिग्दर्शक. ‘फँड्री’च्या अखेरच्या भागात डुक्कर वाहून नेणाऱ्या कुटुंबामागे शाळेच्या भिंतीवरची बाबासाहेब, सावित्रीबाई आदींची चित्रे ज्यांनी पाहिली, त्यांना ही निवड केवळ लोकप्रियतेची वाटली नसेल. मंजुळे यांच्या बोलण्यात सराईत सफाई नव्हती. सोलापुरी वळणाचे मराठी ते तसेच बोलत, स्पर्धकाशी गप्पा मारीत. काहींना ते रुचले नाही. मला मात्र वाटले की पिढ्यान्पिढ्या ज्यांना केवळ जाब विचारला गेला, त्यांच्यातला एक जण आता प्रश्न विचारतो आहे, आणि तो मिलिंदाने मान्य केलेल्या रीतीने विचारतो आहे.

बसू यांनी या काळापर्यंत नव्या पिढीच्या दिग्दर्शकांकडे सूत्रे सोपवली होती. दरम्यान २०१३ च्या ‘मद्रास कॅफे’ चित्रपटात ते गुप्तचर अधिकाऱ्याच्या भूमिकेत दिसले. नाटकातला नट पुन्हा कॅमेऱ्यापुढे आला. पण त्यांनी रचलेला मंच चालू राहिला, आणि त्यावर २०१९ च्या सप्टेंबरमध्ये अमरावती जिल्ह्यातील अंजनगाव सुर्जी येथील बबिता ताडे येऊन बसल्या. त्या शाळेत माध्यान्ह भोजनाची खिचडी शिजवीत. मानधन महिना दीड हजार रुपये. एक कोटीचा प्रश्न १८५७ च्या उठावाचा होता : ‘दास्तान-ए-गदर’ लिहिणारा बहादूरशहा जफरच्या दरबारातला कवी कोण? त्यांनी जहीर देहलवी हे उत्तर दिले आणि ते बरोबर निघाले. तत्पूर्वी काय हवे आहे असे विचारल्यावर, घरात सर्वांना मिळून एकच मोबाइल आहे, तेव्हा एक मोबाइल घ्यायचा आहे, असे त्यांनी सांगितले होते. जिंकल्यानंतरही शाळेतल्या मुलांसाठी खिचडी करीत राहायचे आहे, असे त्या म्हणाल्या.